हा प्रश्न इथला नाहीच

"हा प्रश्न इथला नाहीच."

हे म्हणताना तो उजव्या हाताचा पंजा फायलीवर पालथा ठेवायचा. जणू फाईल उघडली तर आतून काहीतरी उडून जाईल. समोरचा वकील अजून "मे इट प्लीज" म्हणत उभा राहतोय तोवर याचा पंजा फायलीवर आणि वाक्य तोंडाबाहेर.

तोंडावर मी त्याला साहेब म्हणत होते, अहोजाहो करत होते. अकरा वर्षं केलं. आता लिहिताना मात्र 'तो' म्हणणार आहे. एवढी सूट मला द्या. गेलेल्या माणसाबद्दल वाईट बोलू नये म्हणतात. म्हणोत बापडे. त्यांनी त्याच्या फायली हाताळलेल्या नाहीत.

मी त्याच्याकडे टायपिस्ट होते. गावाचं नाव घेत नाही. धुळ्याहून जळगावला जाताना एसटी जिथे जिथे चहाला थांबते, त्यातलंच एक समजा. तो आमच्या नगरपालिकेचा वकील. पालिकेचे गाळे होते, भाजी मंडईमागे, स्टँडसमोर, टाउन हॉलच्या खाली, आणि प्रत्येक गाळ्यामागे एक तरी भांडण होतं. कुणाचा करार संपला, कुणाचा बाप वारला आणि गाळा मुलाच्या नावावर होईना, कुणाला नोटीस आली. ही सगळी भांडणं आमच्या ऑफिसात यायची आणि तो त्यांना दारातच अडवायचा.

"बाई," तो मला सांगायचा, "खटला म्हणजे पाहुणा. दारातच विचारायचं, कोणाकडे आलात? घर चुकलं तुमचं, पुढच्या आळीत बघा. एकदा आत घेतला की चहा आला, जेवण आलं, मुक्काम आला."

गाळा पालिकेचा, म्हणजे भाडेकरूंचा नेहमीचा कायदा त्याला लागू नाही. दिवाणी कोर्टात जावं तर पालिकेच्या जागांसाठी वेगळा अधिकारी नेमलेला असतो. अधिकाऱ्याकडे जावं तर करार संपला की चालू आहे हे ठरवणं त्याचं काम नाही, ते कोर्टाचं. अशी ही दारं. गाळेवाला ज्या दारात उभा राहील, त्या दाराच्या आत हा आधीच खुर्ची टाकून बसलेला. त्यात त्या काळी आपल्याकडे नियम असा, की कुणी तातडीचा हुकूम मागितला आणि समोरचा म्हणाला 'या कोर्टाला अधिकारच नाही', की आधी अधिकाराचं ऐकायचं, हुकमाचं मग बघू. हा नियम त्याला इतका आवडायचा की त्याचं कलम उच्चारताना त्याच्या चेहऱ्यावर जेवून उठल्यासारखं समाधान यायचं.

त्यामुळे आमच्या प्रत्येक कैफियतीचा परिच्छेद एक ठरलेला. 'सदर न्यायालयास प्रस्तुत दावा चालविण्याचा अधिकार नाही.' मी ते पान रिकाम्या वेळात आधीच टाइप करून ठेवायची, नावाची जागा कोरी सोडून. कार्बन लावून चार-चार प्रती. गठ्ठा असायचा कपाटात.

एकदा गंमत झाली. पालिकेनेच एका गाळेवाल्यावर दावा लावला. दावा आपला, कोर्ट आपण निवडलेलं. आणि मी सवयीने गठ्ठ्यातलं पान काढून पहिलं लावलं. यानेही न वाचता सही ठोकली. न्यायाधीशांनी वाचलं, चष्मा काढला आणि विचारलं, "वकीलसाहेब, तुम्हीच म्हणताय मला अधिकार नाही. मग आलात कशाला?" अख्खं कोर्ट हसलं. मला वाटलं, आज माझी नोकरी गेली. पण तोही हसला. बाररूममध्ये जाऊन स्वतःच ती गोष्ट चौघांना सांगितली, आणि मला म्हणाला, "बाई, चूक तुमची नाही. माझी ख्याती मोठी आहे." असा होता. चिडायचं तरी कसं?

पण किळस यायची. अंगठा जिभेवर लावून पानं उलटायची सवय. सगळ्या फायलींचे कोपरे फुगलेले, पिवळे. त्याच मला उचलायच्या. शेव खात वाचायचा, बोटं फायलीच्या नाडीला पुसायचा. नखं कापायची तर माझ्याच टेबलाशी, खिडकी तिकडे म्हणून. टाइपरायटरच्या रोलरखालून मी एकदा नख काढलं आहे, हे कुणाला सांगायची सोय नव्हती, आज सांगते.

आणि हेही सांगायला हवं, नाहीतर देव मला विचारेल. माझ्या वडिलांना छातीत दुखायला लागलं तेव्हा यानेच आपल्या फियाटमध्ये घालून त्यांना जळगावला नेलं. धुळ्याची तारीख सोडून. दवाखान्यात खिडकीवरचा माणूस म्हणाला, केसपेपर इथे नाही, पलीकडच्या खिडकीवर. पलीकडचा म्हणाला, इथे नाही, अपघात विभागात. तेव्हा हा जो काही ओरडला! "माणूस मरतोय आणि तुम्ही आम्हाला खिडक्या दाखवता? लाज नाही वाटत?" कोट घातलेला, घामाने निथळलेला, मानेच्या शिरा ताठ झालेल्या. मी वडिलांचं डोकं मांडीवर घेऊन बाकावर बसले होते आणि त्याच्याकडे बघतच राहिले. आपण काय बोललो हे त्याच्या लक्षात आलं असेल का? नसावं. वडील वाचले. दिवसभर तो त्या बाकावर बसून होता आणि वडिलांना केळं सोलून भरवत होता.

आता आबांचं सांगते.

आबा साक्रीकडचे, अहिराणी बोलणारे. आमच्या गावात पिठाची गिरणी चालवायचे, मंडईमागच्या गाळ्यात. बायका लांबून त्यांच्याकडे यायच्या ते कळण्याच्या भाकरीच्या पिठासाठी. ज्वारी-उडदाचं ते पीठ जरा जाड आलं की भाकरी फुटते, जरा बारीक झालं की चिकट होते. आबा पीठ चिमटीत घ्यायचे, गिरणीचे दगड किंचित कसायचे, पुन्हा चिमटीत घ्यायचे. भुवया पिठाने पांढऱ्या. गिरणी चालू असताना कानाशी ओरडून बोलायचं आणि बंद झाली तरी ओरडतच राहायचे.

त्यांच्या शेजारी कापडाचं मोठं दुकान. दुकानदाराला मधली भिंत पाडून दुकान वाढवायचं होतं आणि पालिकेत त्याचा शब्द चालायचा. आबांचा करार संपलेला होता. असे निम्म्या मंडईचे संपलेले होते, पण नोटीस आबांना आली. एका दुपारी पालिकेची माणसं आली, आबांना बाहेर काढलं, शटर ओढलं, कुलूप लावून वर लाखेचं सील मारलं. आत गिरणी आणि आत लोकांची दळणं. पंधरा-वीस डबे तरी असतील. त्यात एक माझा होता. पत्र्याचा, झाकणावर खडूने नाव घातलेला.

आबांनी दावा लावला. सील काढा, गिरणी चालू द्या, बाकीचं मग ठरवा. मागणं एवढंच होतं. आणि मी, माझं दळण आत अडकलेलं असताना, गठ्ठ्यातलं पान काढून कोऱ्या जागी आबांचं नाव टाइप केलं.

कोर्टात याचा पंजा फायलीवर पडला. दोन-चार तारखा झाल्या आणि हुकूम झाला, दावा परत. योग्य त्या ठिकाणी दाखल करावा.

बाहेर व्हरांड्यात आबांनी मला गाठलं. "बाई, दावा परत म्हंजे काय? मी हारनू का?"

"नाही आबा, हरलात असं नाही."

"मंग जिकनू?"

"तसंही नाही. दुसरीकडे जायचं."

"हारनू बी नही, जिकनू बी नही," आबा म्हणाले, "मंग मी सकायपाईन आठे कसाले उभा शे?"

मला हसू आलं. खरंच आलं, आता लाज वाटते. आबाही हसले.

मग आबा त्या अधिकाऱ्याकडे गेले. तिथे हा पुन्हा हजर. पंजा फायलीवर. "हा प्रश्न इथला नाहीच. हा दिवाणी कोर्टाचा विषय आहे." मी टाइप करता करता थांबले. म्हटलं, "साहेब, मागच्या वेळी आपण नेमकं उलटं लिहिलं होतं. याच मशीनवर."

"दार बदललं की पाटी बदलते, बाई. चालू द्या."

चालू दिलं. अधिकाऱ्याने अर्ज काढून टाकला. आबा पुन्हा कोर्टात. पुन्हा परिच्छेद एक. पुन्हा तारखा. कधी याला वेळ नाही, कधी न्यायाधीश रजेवर, कधी नुसतंच पुढे.

इकडे गाळ्यात काय चाललं होतं ते सांगते, शिसारी आली तरी ऐका. पहिल्या पावसाळ्यानंतर शटरच्या फटीतून सोंडे बाहेर यायला लागले. ओळच्या ओळ, पायरीवरून रस्त्यावर. मग वास. मग उंदीर. शेजारचा कापडवाला सकाळी पावडर टाकायचा आणि गिऱ्हाइकांना सांगायचा, "बघा, काय घाण करून ठेवलीय म्हाताऱ्याने." म्हाताऱ्याने! आबा रोज तिथे यायचे, समोरच्या ओट्यावर बसायचे आणि बायका आल्या की उठून उभे राहायचे. "अक्का, तुमचा डबा देईन. दाण्याला दाणा देईन." बायका सुरुवातीला चिडल्या. पुढे त्या रस्त्याने जायच्याच बंद झाल्या, आबांना उभं राहावं लागू नये म्हणून. मीही मागच्या बोळाने ऑफिसला जायला लागले, पण माझं कारण वेगळं होतं.

असं करत तिसरं वर्ष उलटायला आलं, आणि एक दिवस बदलून आलेल्या नव्या न्यायाधीशांनी अधिकाराच्या मुद्द्यावर निकाल दिला. या कोर्टाला हा दावा चालवण्याचा अधिकार आहे. बस. एवढाच निकाल. म्हणजे पाहुणा बरोबर घरी आला आहे, आता आत या, बसा, काय काम काढलंत ते बोला. सील तसंच, हुकमाचा अर्ज तसाच, त्यावर पुढच्या तारखेला ऐकायचं.

आबांचा वकील त्या दिवशी धुळ्याला गेलेला. पट्टेवाल्याने आबांना सांगितलं, "आबा, तुमच्या बाजूने लागलं." खोटं नव्हतं ते.

आबा समोरच्या दुकानातून पेढे घेऊन आले. अर्धा किलोचा पुडा, त्यावर पिठाचे नाही, मंडईतल्या धुळीचे ठसे. पट्टेवाल्याला पेढा दिला, शिरस्तेदाराला दिला, व्हरांड्यात बसलेल्या अनोळखी पक्षकारांना दिला. मला दिला. आणि मग पुडा घेऊन याच्यासमोर उभे राहिले.

"साहेब, तुम्हीन बी ल्या. मना मनमा काही नही."

याने पेढा घेतला. अख्खा तोंडात टाकला. अंगठा चाटला. मग आबांच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाला, "आबा, जिंकलात तुम्ही."

"मंग गिरनी?"

"गिरणी तुमचीच आहे की. घरी जा, आनंद करा."

हे कसं बोलला बघा. यातलं एक अक्षर पुढे कुणी धरू शकलं नसतं. गिरणी आबांचीच होती. गाळ्याबद्दल तो बोललाच नाही, सीलबद्दल बोललाच नाही. मी दोन हातांच्या अंतरावर उभी होते, फाईल छातीशी धरून. मी तोंड उघडलं. त्याने माझ्याकडे पाहिलं, रागाने नव्हे, नेहमीसारखं, आणि म्हणाला, "बाई, ते पारोळ्याचं टाइप राहिलंय ना?" मी हो म्हटलं आणि गेले. जीभ झडली होती का माझी? नव्हती. जिना उतरता उतरता मी पेढा खाल्ला.

दुसऱ्या दिवशी सकाळी आबांनी हातोडीने कुलूप तोडलं. लपूनछपून नाही, भर बाजारात, लोकांना हाका मारून. सूप-सूप भरून किडे आणि कुजलेलं धान्य बाहेर काढलं, फरशी धुतली, पट्टा चढवला, गिरणी चालू केली. मंडईभर तो आवाज. बायका घरातून डबे घेऊन धावल्या. अकराच्या सुमाराला पोलीस आले. पालिकेचं सील फोडलं म्हणून आबांना चालवत घेऊन गेले. ते ओरडून सांगत होते, "मी जिकेल शे! इचारा कोर्टले!" गिरणी चालूच राहिली होती. ती कुणीतरी मग बंद केली.

पुढच्या तारखेला हा उभा राहिला, आणि माझ्या नोकरीत पहिल्यांदाच त्याने पंजा फायलीवर ठेवला नाही. फाईल उघडली. ज्याने स्वतःच्या हाताने सील फोडलं, तो कोर्टाकडे स्वच्छ हाताने आलेला नाही, असल्या माणसाला हुकूम देऊ नये. दहा मिनिटांत काम झालं. अर्ज नामंजूर. आठवड्यात गिरणी रस्त्यावर काढून ठेवली आणि महिन्यात मधली भिंत पडली.

त्या संध्याकाळी मी त्याला विचारलं. टाइपरायटरवर झाकण घालता घालता विचारलं. "साहेब, आबांना तुम्ही खरं का नाही सांगितलं?"

त्याला खरंच नवल वाटलं. "मी त्याचा वकील नाही, बाई. ते सांगायचं ठिकाण मी नव्हे." मग मायेने, "तुम्ही मनाला लावून घेऊ नका. वडिलांचं औषध संपलं असेल तर सांगा, उद्या जळगावला माणूस जातोय."

थू! असं मी मनात म्हटलं. आणि तोंडाने म्हटलं, "गोळ्यांच्या दोन पट्ट्या लागतील." पुढे चार वर्षं त्याच खुर्चीवर बसले. वडिलांचं औषध होतं, घरभाडं होतं, गावात दुसरी नोकरी नव्हती. ही कारणं खरी आहेत. पण आबाही खरे होते.

तो गेला तो कोर्टातच, जेवणाच्या सुट्टीत, शेवेचा कागद हातात असताना. बाररूममध्ये शोकसभा झाली. एकाने सांगितलं, साहेब कधी हरले नाहीत. दुसऱ्याने सांगितलं, साहेबांनी कनिष्ठांना मुलांसारखं वागवलं. हेही खरंच. दोन मिनिटं सगळे उभे राहिले, मीही राहिले. त्याच्या बायकोच्या गळ्यात पडून मी रडले, आणि ते रडू खोटं नव्हतं, याचाच मला राग येतो.

त्यानंतर पंधरा दिवसांनी मी साक्रीची एसटी धरली. तिथून पिंपळनेरच्या बाजूला एक जीप मिळाली. आबा मुलाकडे राहत होते, अंगणात बाजेवर बसलेले. कानाने पुरते गेलेले, पण मला लगेच ओळखलं. सुनेला हाक मारली, चहा टाकायला लावला. गिरणी कोपऱ्यात पोत्याखाली होती. गावात वीज पुरत नाही म्हणून चालवत नाहीत, असं सून म्हणाली.

मी ओरडून सांगितलं, "आबा, वकीलसाहेब गेले."

आबांनी टोपी काढली. ती मांडीवर ठेवली. मग म्हणाले, "बठ्ठा कोर्टमा तोच एक माणूस व्हता, बाई. मना इरोधमा राहीसन बी मना पेढा खादा. मना खांदावर हात ठेवा." बाकी सगळे फिरले, न्यायाधीशाला कापडवाल्याने फिरवलं, पोलिसांना फिरवलं, पण वकीलसाहेबांनी खरं तेच सांगितलं होतं, असं आबा इतकी वर्षं धरून बसले होते. जिंकलेलं आपल्याकडून कुणीतरी हिसकावलं, असं.

चहा आला. मी कप खाली ठेवला आणि सांगितलं. सगळं. निकाल काय होता, काय नव्हता, त्याला काय माहीत होतं. आबांना ऐकू येत नव्हतं म्हणून ओरडून सांगावं लागलं. शेजारची माणसं कुंपणाशी येऊन उभी राहिली. अशा गोष्टी हळू आवाजात सांगायच्या असतात. मला तेवढीही सवलत मिळाली नाही.

आबा माझ्या तोंडाकडे बघत होते. सांगून झालं तेव्हा त्यांनी विचारलं, "तू तठेच उभी व्हती ना वं माय?"

"होते, आबा."

"तुले माहीत व्हतं?"

"होतं."

"मंग?"

मी चहावरची साय बोटाने बाजूला केली.

आबांनी टोपी घातली. "चहा पी ले आनि जाय," ते म्हणाले. "जीप निंघी जाई."

मी चहा प्याले आणि उठले. सून रीतीप्रमाणे कुंकवाचा करंडा घेऊन बाहेर आली. आबांनी तिच्याकडे नुसतं पाहिलं. ती करंडा तसाच घेऊन आत गेली.